कन्सोलची जागा भरते, गेम अडकतो: फॉरमॅट मारण्याआधी हे क्रमाने तपासा

लक्षणं आधी सांगतो. यातलं तुमच्याकडे नेमकं काय होतंय ते ओळखा, कारण पुढचा सगळा क्रम त्यावर ठरतो.

- गेमचं अपडेट 'जागा पुरत नाही' म्हणून थांबतं. स्टोरेज उघडून पाहिलं तर चाळीसेक जीबी रिकामे असतात आणि अपडेट मात्र दहाच जीबीचं.
- होम स्क्रीनवर आयकॉन उशिरा उमटतात, मेनू अडखळतो, सेटिंग्ज उघडायलाही वेळ लागतो.
- खेळता खेळता गेम बंद होऊन होम स्क्रीन येते. पीएस४वर (प्लेस्टेशन ४) बहुधा सीई-३४८७८-० हा एरर कोड दिसतो, पीएस५वर सीई-१०८२५५-१.
- वीज जाऊन आली की 'कन्सोल नीट बंद केला नव्हता' असा संदेश येतो आणि तपासणीची पट्टी सरकत राहते.
- कन्सोल सुरू केला की थेट सेफ मोड, म्हणजे नुसते दुरुस्तीचे पर्याय दाखवणारी स्क्रीन. रीस्टार्ट केलं तरी पुन्हा तिथेच.
- गेमच्या आयकॉनवर कुलूप दिसतं.

शेवटचं लक्षण आत्ताच बाजूला काढू, कारण त्याचा साठवणीशी काही संबंध नाही. गोव्यात बरेच कन्सोल आखातातून किंवा बोटीवर कामाला असलेल्या नातेवाइकांकडून येतात आणि त्यावरचे गेम त्यांच्याच खात्यातून घेतलेले असतात. मामांनी दुसरा कन्सोल घेऊन तो 'प्रायमरी' (त्या खात्याचा मुख्य कन्सोल) केला की इथल्या गेमवर कुलूप पडतं. लोक गेम उडवून पुन्हा ऐंशी-नव्वद जीबी उतरवतात, कुलूप जिथल्या तिथे. त्या खात्यात जाऊन 'रीस्टोर लायसन्सेस' करा, नाहीतर मामांना फोन करा. बाकी काही पुसू नका.

मी म्हापशात कन्सोल दुरुस्तीचं काम करतो. बार्देश, पेडणे, डिचोलीकडून कन्सोल येतात आणि पावसाळ्यात सगळ्यात जास्त येतात ते याच तक्रारीचे. त्यातल्या कित्येकांवर घरी कोणीतरी आधीच फॉरमॅट मारलेला असतो. दोष तसाच राहतो आणि मुलाने दोन वर्षं खेळून जमवलेली प्रगती जाते. ते टाळता यावं म्हणून हे लिहितो आहे.

कन्सोलमध्ये नेमकं काय साठतं

गेम, त्यांची अपडेट, रेकॉर्ड झालेले व्हिडिओ आणि स्क्रीनशॉट, सेव्ह डेटा (म्हणजे गेममधली प्रगती), तात्पुरती कॅश, आणि या सगळ्याची यादी ठेवणारा डेटाबेस. यातले गेम सगळ्यात जास्त जागा खातात. आजचा मोठा गेम शंभर जीबीच्या पुढे सहज जातो. सेव्ह डेटा बहुतेक गेमचा काही एमबी असतो. म्हणजे जागा करायला सेव्ह उडवणं हा निव्वळ तोटा आहे: मिळत काहीच नाही आणि गेलेलं परत येत नाही. गेम मात्र कधीही पुन्हा उतरवता येतो. कोणताही विभाग पुसण्याआधी तो यातला कुठला आहे हे पाहा.

छापील आकड्यावरही जाऊ नका. मूळ पीएस५ ८२५ जीबीचा, पण गेमसाठी त्यात ६६७ जीबीच मिळतात. एक्सबॉक्स सिरीज एसच्या ५१२ पैकी ३६४. निन्टेंडो स्विचमध्ये ३२ जीबी, ओएलईडी मॉडेलमध्ये ६४. बाकीची जागा कन्सोलने स्वतःसाठी राखलेली असते, ती कुठल्याही उपायाने मोकळी होत नाही.

१. पूर्ण बंद करून वायर काढा

फुकट आणि पाच मिनिटांचं काम. बहुतेक घरांत कन्सोल कधी बंद होतच नाही, तो रेस्ट मोडमध्ये झोपलेला असतो आणि तात्पुरत्या नोंदी आठवडेच्या आठवडे साचत राहतात. मेनूतून 'टर्न ऑफ' निवडा. सगळे दिवे विझले की वायर काढा आणि पाच मिनिटं थांबा. एक्सबॉक्सवर समोरचं बटण दहा सेकंद दाबून धरा, मग वायर काढा.

प्लेस्टेशनवर नारिंगी दिवा असेल तर वायर काढू नका. नारिंगी म्हणजे रेस्ट मोड. त्या अवस्थेत वायर ओढणं आणि अचानक वीज जाणं यात कन्सोलला काही फरक नाही, आणि ज्या बिघाडासाठी तुम्ही हे करताय तोच तुम्ही स्वतः ओढवून घ्याल.

मेनू अडखळणं आणि एखाद्या वेळी गेम बंद पडणं यांवर अनेकदा एवढंच पुरतं.

२. जागा कोण खातंय ते पाहा

सेटिंग्जमध्ये स्टोरेज उघडा आणि आकारानुसार यादी लावा.

पीएस४ अपडेट लावताना जुन्या गेमवर थेट लिहीत नाही. तो गेमची नवी प्रत बाजूला बनवतो आणि ती पूर्ण झाल्यावरच जुनी काढतो. म्हणून साठ जीबीच्या गेमचं दहा जीबीचं अपडेट असेल तरी साधारण गेमएवढी रिकामी जागा लागते. पहिल्या लक्षणाचं कारण नव्वद टक्के वेळा हेच निघतं, त्यात बिघाड काही नाही. न खेळला जाणारा एक मोठा गेम काढा, अपडेट होऊ द्या, मग हवा तर तो परत घ्या. पीएस४ आणि पीएस५ दोन्हीवर गेम काढला तरी त्याचा सेव्ह मागे राहतो.

पुढे कॅप्चर गॅलरी किंवा मीडिया गॅलरी पाहा. पीएस५ प्रत्येक ट्रॉफी (गेममधलं बक्षीस) मिळाली की व्हिडिओ आपोआप जपून ठेवतो. घरात दोन मुलं खेळणारी असली की वर्षभरात त्यांचाच ढीग होतो. 'कॅप्चर्स अँड ब्रॉडकास्ट्स'मध्ये जाऊन ट्रॉफी व्हिडिओ बंद करा. आवडीचे व्हिडिओ पेनड्राइव्हवर काढून घ्या, बाकीचे पुसा.

स्विचवर 'डिलीट'ऐवजी 'अर्काइव्ह' वापरा. गेम जातो, आयकॉन आणि सेव्ह राहतात. स्विचवरचा सेव्ह कार्ट्रिजमध्येही नसतो आणि मायक्रोएसडी कार्डातही नसतो, तो कन्सोलच्याच मेमरीत असतो. कार्ड हातात आहे म्हणजे प्रगती सुरक्षित आहे असं समजून कन्सोल पुसणारे पालक मी पाहिले आहेत.

सत्तरी, काणकोणच्या आतल्या गावांत जिथे इंटरनेट अजून रडतखडत चालतं, तिथे गेम काढून टाकण्यापेक्षा बाहेरच्या हार्ड डिस्कवर हलवा. प्लेस्टेशनला त्यासाठी २५० जीबी ते ८ टीबीची यूएसबी ३ डिस्क चालते, एक्सबॉक्सला १२८ जीबीपासून पुढे. पीएस५चे आणि सिरीज एक्स-एसचे नव्या पिढीचे गेम तिथून खेळता येत नाहीत. ते नुसते ठेवायचे आणि हवे तेव्हा परत आत आणायचे, पण पुन्हा डाउनलोड करावे लागत नाहीत.

३. सेव्हची प्रत काढा, मगच पुढे जा

इथून पुढच्या प्रत्येक पायरीत थोडा तरी धोका आहे, म्हणून ही पायरी गाळू नका.

पीएस४वर 'अॅप्लिकेशन सेव्ह्ड डेटा मॅनेजमेंट'मधून सेव्ह थेट पेनड्राइव्हवर कॉपी होतात. पेनड्राइव्ह एफएटी३२ किंवा एक्सफॅट प्रकारात फॉरमॅट केलेला असावा. विंडोजवर एनटीएफएसमध्ये फॉरमॅट केलेला पीएस४ला दिसत नाही आणि लोक उगाच पोर्ट खराब झाला म्हणतात. एरवी आठ जीबीचा साधा पेनड्राइव्ह पुरतो.

पीएस५वर पीएस४ गेमचे सेव्ह यूएसबीवर जातात, पीएस५ गेमचे सुटे जात नाहीत. त्यांना पीएस प्लसचं (सोनीचं पैसे भरून घ्यायचं सदस्यत्व) क्लाउड लागतं. पीएस प्लस नसेल तर 'सिस्टीम सॉफ्टवेअर'मधल्या 'बॅकअप अँड रीस्टोर'ने आख्ख्या कन्सोलची प्रत बाहेरच्या डिस्कवर घ्या. गेम वगळून फक्त सेव्ह आणि सेटिंग्ज निवडल्या तर काम लवकर आटोपतं.

एक्सबॉक्स सेव्ह स्वतःहून क्लाउडवर पाठवतो, पैसे लागत नाहीत. मात्र इंटरनेट बंद असताना खेळलेलं वर गेलेलं नसतं. आधी नेट जोडा, तो गेम एकदा उघडा, सिंक होऊ द्या.

स्विचला क्लाउडसाठी निन्टेंडो स्विच ऑनलाइनचं सदस्यत्व लागतं.

आणि कृपा करून 'यूजर' पुसू नका. जागा करण्यासाठी भावाचं किंवा चवथीला घरी आलेल्या चुलत भावाचं प्रोफाईल उडवलं जातं. पीएस४वर यूजर गेला की त्याचे सगळे सेव्ह त्याच्याबरोबर जातात. जागा म्हणाल तर हाताशी काहीच लागत नाही.

४. कॅश नीट साफ करा

पीएस५ सेफ मोडमध्ये न्यावा लागतो. कन्सोल पूर्ण बंद करा, पॉवरचं बटण दाबून धरा. पहिली बीप लगेच येते, दुसरी साधारण सात सेकंदांनी. दुसरी ऐकली की बोट काढा. कंट्रोलर वायरने जोडा आणि पीएस बटण दाबा. इथे बरेच जण अडकतात, कारण घरातल्या अर्ध्या वायरी नुसत्या चार्जिंगच्या असतात. त्यांतून डेटा जात नाही आणि स्क्रीन 'कंट्रोलर जोडा' म्हणत राहते. वायर बदला, कन्सोलला दोष देऊ नका. पाचव्या पर्यायात 'क्लिअर सिस्टीम सॉफ्टवेअर कॅश' आहे. त्याने गेम आणि सेव्ह जात नाहीत.

स्विचवर 'सिस्टीम'मधल्या 'फॉरमॅटिंग ऑप्शन्स'मध्ये 'रीसेट कॅश' असतं. नाव घाबरवणारं असलं तरी सेव्ह जात नाही. त्याच यादीत 'इनिशियलाईज कन्सोल'ही असतं, त्याला हात लावू नका.

एक्सबॉक्सबद्दल इंटरनेटवर जिथे तिथे 'पर्सिस्टंट स्टोरेज साफ करा' असं सांगितलेलं असतं. ते ब्लू-रे सिनेमांबरोबर उतरलेल्या माहितीसाठी आहे. साफ केल्याने नुकसान नाही, पण गेमसाठी जागा होईल ही अपेक्षा ठेवू नका. एक्सबॉक्सवर पहिल्या पायरीतलं दहा सेकंदांचं बटणच जास्त उपयोगी पडतं.

५. बाहेरची डिस्क काढून पाहा

कन्सोल बंद करून बाहेरची डिस्क काढा आणि तिच्याशिवाय एक-दोन दिवस चालवा. मेनू सुरळीत झाला, सेफ मोड यायचा थांबला, तर दोष त्या डिस्कचा, तिच्या वायरचा किंवा मधल्या हबचा आहे. प्लेस्टेशनची बाहेरची साठवण यूएसबी हबमधून जोडायची नसते, थेट पोर्टमध्ये लावायची. ही तपासणी डेटाबेसच्या आधी करायचं कारण साधं आहे: आजारी डिस्क जोडलेली ठेवून डेटाबेस बांधला तर तो तिच्यावरच अडकून बसतो.

बंद पडणारा गेम एकच असेल, तर तेवढाच काढून पुन्हा बसवा आणि तिथेच थांबा. एका गेमपायी आख्ख्या कन्सोलला हात लावायची गरज नाही.

६. डेटाबेस पुन्हा बांधा

वीज गेल्यानंतर सुरू झालेल्या तक्रारींवर सगळ्यात जास्त गुण येतो तो इथे. कन्सोल डिस्कवर काहीतरी लिहीत असताना वीज गेली की फाईल एका जागी आणि यादीतली नोंद भलतीकडे, अशी स्थिती होते. मग कन्सोल प्रत्येक गोष्ट शोधत बसतो. 'रीबिल्ड डेटाबेस' डिस्क वाचून ही यादी नव्याने लिहितो. पीएस४च्या सेफ मोडमध्ये हा पाचवा पर्याय. पीएस५वर तो पाचव्याच पर्यायाच्या आत, कॅशच्या शेजारी आहे.

गेम, सेव्ह राहतात. आयकॉनचा क्रम बदललेला दिसेल. खराब झालेली एखादी फाईल यादीतून गळू शकते, म्हणून तर तिसरी पायरी आधी. वेळ काही मिनिटांपासून काही तासांपर्यंत लागतो. जुन्या, भरलेल्या पीएस४वर पट्टी हलत नाही असं वाटेल. वायर ओढू नका.

जून ते सप्टेंबर आभाळ गडगडत असताना हे काम काढू नका. वीज मध्येच गेली तर अर्धवट यादी राहते. सकाळी, उघडीप असताना करा. ज्या घरात वीज रोजच लपंडाव खेळते तिथे लहान यूपीएस घ्याच. ६०० व्हीएचा यूपीएस साधारण ३६० वॅटचा असतो. तुमच्या कन्सोलचे आणि टीव्हीचे वॅट मिळून त्यात बसतात का ते लेबलवर पाहून घ्या. तो खेळत राहण्यासाठी घ्यायचा नसतो, नीट बंद करायला पाच मिनिटं मिळावीत म्हणून घ्यायचा. स्टॅबिलायझर हे काम करत नाही, वीज गेली की तोही जातो.

डेटाबेस एकदा बांधला आणि महिनोन्महिने ठीक चाललं तर विषय संपला. आठवड्यात पुन्हा तीच कथा असेल तर परत परत बांधू नका. डिस्क कुरकुरत असणार, आणि प्रत्येक वेळी ती पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचायला लावून तुम्ही तिचं उरलेलं आयुष्य संपवताय.

७. पूर्ण पुसणं

एक्सबॉक्सवर 'रीसेट अँड कीप माय गेम्स अँड अॅप्स' आधी करा. सिस्टीम नवी होते, गेम राहतात. स्विचवर दोन्ही व्हॉल्यूम बटणं दाबून सुरू केल्यावर मेंटेनन्स मोड येतो, त्यात सेव्ह न पुसता इनिशियलाईज करायचा पर्याय आहे. पीएस४वर चौथा पर्याय 'रीस्टोर डिफॉल्ट सेटिंग्ज' फक्त सेटिंग्ज पूर्ववत करतो. सहावा सगळं पुसतो. सातवा तर सिस्टीम सॉफ्टवेअरही पुसतो आणि ते यूएसबीवरून पुन्हा घालावं लागतं. त्यासाठी सोनीच्या साइटवरची 'रीइन्स्टॉलेशन'ची मोठी फाईल लागते, जवळपास एक जीबीची. नेहमीच्या अपडेटची लहान फाईल चालत नाही. ही फाईल पेनड्राइव्हवर तयार नसताना सातवा पर्याय दाबू नका.

कन्सोल विकायचा असेल तर पुसण्याआधी 'प्रायमरी' रद्द करा. पीएस४वर विकताना 'क्विक' नको, 'फुल' निवडा. तासन्तास लागतात, पण नव्या मालकाच्या हाती तुमचं काही जात नाही.

इथे थांबा

आतून टक-टक किंवा खरखर आवाज येतोय: कन्सोल चालू होत असेल तर फक्त सेव्ह कॉपी करा आणि बंद करा. डेटाबेस नाही, फॉरमॅट नाही.

सेफ मोडचा फेरा सुटत नाही, किंवा हार्ड डिस्क सापडत नसल्याचा संदेश येतो. पुसण्याने काही होणार नाही.

जवळ वीज पडल्यावर बंद पडलाय, जळका वास येतोय, किंवा कळंगुट-कांदोळीसारख्या किनाऱ्यालगतच्या घरात पोर्टवर हिरवट-पांढरा थर दिसतोय. हा दोष साठवणीचा नाही, बोर्डाचा आहे. पॉवर सप्लाय कन्सोलच्या आत असेल तर वायर काढल्यावरही त्यात विद्युतभार साठून राहतो. घरी उघडू नका.

वॉरंटी चालू असेल तर दुसऱ्या कोणाकडेही न जाता अधिकृत सेवा केंद्रातच द्या.

वॉरंटी संपलेल्या पीएस४ची डिस्क बदलणं मात्र अवघड नाही. ती लॅपटॉपची साधी २.५ इंची साटा डिस्क आहे, ९.५ मिमीपेक्षा जाड चालत नाही, आणि तिच्यापर्यंत पोचायला पॉवर सप्लाय उघडावा लागत नाही. एसएसडी (फिरते भाग नसलेली वेगवान डिस्क) घातली तर मेनूचा अडखळ बराच जातो. पीएस५ची मूळ साठवण बोर्डावर झाळलेली असते. ती गेली तर तुमच्या-माझ्या हातची गोष्ट नाही, आतली एम.२ची (पट्टीसारखी एसएसडी बसवायची) जागा फक्त वाढीव साठवणीसाठी आहे.

जुन्या पीएस४ डिस्कवरचे सेव्ह कॉम्प्युटरला लावून काढून देतो असं कोणी म्हणालं तर पैसे देऊ नका. ती डिस्क त्या एकाच कन्सोलपुरती कूटबद्ध केलेली असते, दुसरीकडे वाचता येत नाही.

दुकानात देताना तुम्ही कुठल्या पायरीपर्यंत आलात, स्क्रीनवर कोणता कोड आला आणि तक्रार वीज गेल्यानंतर सुरू झाली का, एवढं कागदावर लिहून द्या. खात्याचा पासवर्ड देऊ नका, दुरुस्तीला तो लागत नाही. 'फॉरमॅट करू का' असं विचारलं तर सेव्हची प्रत घेतल्याशिवाय हो म्हणू नका. डिस्क बदलली असेल तर जुनी डिस्क परत मागून घ्या.